घागरीवरचे आंबे

आमच्या घाटंजीच्या घरामागे जी आंब्याची झाडं होती, त्यांना माणसांची नावं होती, आणि ती सगळी माणसं मेलेली होती. नवख्या माणसाला हे ऐकून दचकायला व्हायचं. आई विहिरीवरून विचारायची, "आज्याले पाणी घातलं का वो शकू?" आणि मी स्वयंपाकघरातून सांगायची की आज्याला घातलं, सरूआत्याला घालायचं राहिलं. शेजारी नव्यानं राहायला आलेल्या एका मास्तरांच्या बायकोला बरेच दिवस वाटत होतं, की आमच्याकडे अंथरुणाला खिळलेली दोन-तीन म्हातारी माणसं आहेत आणि आम्ही त्यांना वेळेवर पाणीसुद्धा देत नाही. शेवटी एकदा ती वाटीत साखर मागायच्या निमित्तानं मागच्या दारापर्यंत आली, आणि आईनं तिला आज्या, आजी, सरूआत्या असं एकेक झाड दाखवलं, तेव्हा तिचा जीव भांड्यात पडला. आज्याच्या कैऱ्या दात आंबवणाऱ्या होत्या. आजोबांना ओळखणारे लोक त्यात नवल काही नाही म्हणायचे. सरूआत्या, म्हणजे बाबांची लहानपणीच गेलेली बहीण, तिच्या झाडाला मात्र लहान, गोल, चोखायला गोड आंबे यायचे आणि त्यावरून बाबा उगाचच हळवे व्हायचे.

हे असं का होतं, ते सांगायला हवं. अक्षय तृतीयेला आमच्याकडे आखाजी म्हणतात आणि तो दिवस पितरांचा. वैशाखात यवतमाळकडचं ऊन काय असतं ते तिथं राहिलेल्यालाच माहीत. जिवंत माणसाचा घसा कोरडा पडतो, तर गेलेल्यांना तहान लागत नसेल का, असा साधा हिशेब आहे. म्हणून घरातल्या प्रत्येक गेलेल्या माणसाच्या नावानं कुंभाराकडून नवी घागर आणायची, गव्हाच्या लहानशा राशीवर ती ठेवायची, गार पाण्यानं भरायची, गळ्याला सूत गुंडाळायचं आणि तोंडावर घरच्या झाडाची कैरी ठेवायची. मग घरातल्या कर्त्या पुरुषानं एकेकाचं नाव घेऊन पाणी सोडायचं. तोवर घरात पिकला आंबा कापायचा नाही. बाजारात डालं भरभरून आंबे आलेले असायचे, त्यांचा वास रस्त्यावर यायचा, पण आधी त्यांनी खायचं आणि मग आपण, हे ठरलेलं. आम्हा मुलांना या गेलेल्या माणसांचा फार राग यायचा.

बाकीच्या घरी या घागरी पुढे प्यायच्या पाण्याला वापरत नाहीतर कुणाला देऊन टाकत. आमच्या आईनं त्यांना वेगळंच काम लावलं होतं. आमची जागा वरून काळी दिसली तरी वीतभर खणलं की खाली मुरूम लागायचा. घातलेलं पाणी कुठं जायचं कळत नसे. विहीर होळीनंतर तळाला जायची आणि नळाचा तर भरवसाच नव्हता. अशा जागेत कोयीपासून आंबा जगवायचा म्हणजे पोर वाढवण्याइतकं काम. आई घागरीच्या बुडाला खिळ्यानं हळूहळू टोकरून एक भोक पाडायची, त्यात कापसाची पिळदार वात घट्ट बसवायची आणि रोपाच्या शेजारी खड्डा करून घागर गळ्यापर्यंत पुरून टाकायची. वर एक खापर झाकायचं. एकदा भरली की ती वात ओलावा झिरपवत राहायची आणि मुळं तो शोधत खाली जायची. ज्याच्या नावाची घागर त्याच्याच झाडाला, आणि घरात कुणी गेलं की त्या साली त्याच्या नावाची नवी कोय लावायची. हे तिनं तिच्या माहेरून आणलं होतं की स्वतःच काढलं होतं, मी कधी विचारलं नाही. आता माझ्या मुलानं अंगणात ठिबकच्या काळ्या नळ्या अंथरल्या आहेत आणि तो मला त्यातलं शास्त्र समजावून सांगत असतो. मी ऐकून घेते.

बाबा तहसील कचेरीत कारकून. बोलणं कमी, चहा जास्त. सकाळी विहिरीवर बसून अंघोळ करताना ते मुद्दाम अशा जागी बसायचे की पाण्याचा ओघळ आजीच्या झाडाकडं जावा. आईला घरभर कापसाच्या वाती वळायची सवय होती. कापूस विकत घ्यावा लागत नसे, आमच्या रस्त्यावरूनच जिनिंगकडं, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्याकडं, जाणाऱ्या बैलबंड्यांची रांग लागायची आणि बाभळीच्या काट्यांना, कुंपणाच्या तारांना, अगदी आमच्या दाराच्या कडीलाही कापूस अडकलेला असायचा. दिवाळीपासून उन्हाळ्याच्या तोंडापर्यंत जिनिंगची घरघर दिवसभर कानात असायची आणि सकाळी भोंगा झाला की आई कढीगोळ्यांचं पातेलं चुलीवरून उतरवायची, कारण दादाच्या डब्याची ती वेळ. माझा मोठा भाऊ वसंता जिनिंगमध्ये वजनकाट्यावर हंगामी कामाला होता. मॅट्रिकला त्यानं बाबांना दोनदा तोंडघशी पाडलं होतं, त्यामुळे बाबा त्याच्याशी आईमार्फत बोलायचे. "त्याले सांग, सायकलची चेन सैल झाली हाये," असं बाबा म्हणायचे आणि दादा शेजारीच उभा असायचा. दादाला याचं काही वाटत नसे. तो हसरा होता, उंच होता, संध्याकाळी घरी यायचा तेव्हा त्याच्या भुवयांवर पांढरी रुई चिकटलेली असायची आणि आई त्याला म्हातारबुवा म्हणून चिडवायची.

एका जूनमध्ये पावसाच्या आधी सरूआत्याच्या झाडाचा शेवटचा आंबा दादानं चोखला आणि ती कोय घेऊन तो विहिरीच्या कडेला गेला. तिथं त्यानं खड्डा केला, शेणखत टाकलं आणि कोय लावली. आई म्हणाली, अरे, इथं घागरीशिवाय नाही जगायची, आणि घागर तर कोणाच्या तरी नावाची लागते. दादा मातीचे हात झटकत म्हणाला, "मायं झाड मायं हाये. त्याले मड्याची घागर कायले पायजे? मी घालीन पाणी हातानं." आई त्याला शुभ बोल रे, म्हणाली. कोय उगवली. तिची पहिली पानं तांबूस, लवलवीत आली तेव्हा दादा सगळ्यांना दाखवत फिरला, अगदी बाबांनाही थेट, आईला मधे न घेता. बाबांनी वाकून पाहिलं आणि म्हणाले, बरी हाये. मला वाटतं, त्या साली त्या दोघांमध्ये झालेलं सगळ्यात लांब बोलणं तेच.

पुढची वर्षं कापसानं दगा दिलेली. बोंडात अळी, औषध मारून मारून माणसं थकलेली, जो कापूस निघाला त्याला विचारणारं कुणी नाही. मी शेतकऱ्याची मुलगी नव्हे, आम्हाला महिन्याचा पगार येत होता, त्यामुळे त्या दिवसांतलं खरी हलाखी मी सांगायला जाणं बरं दिसणार नाही. मला दिसलं ते एवढंच, की आमच्या रस्त्यावरची बंड्यांची रांग एका साली अर्धी झाली, दुसऱ्या साली आणखी आखूड झाली, आणि एका दिवाळीनंतर भोंगा झालाच नाही. आई सवयीनं पातेलं उतरवायला उठायची आणि मग लक्षात येऊन पुन्हा बसायची. बाजाराच्या दिवशी बाजार भरायचा, पण लोक नुसते हिंडून परत जायचे. दादा आठवडाभर घरात बसला, मग पंधरा दिवस बसला. झाडाला पाणी घालायचा, मोटेचं जुनं चाक रंगवायचा, माझ्या वह्यांना पुठ्ठे घालून द्यायचा. बाबांनी आईमार्फत विचारायला सुरुवात केली, की आता पुढे काय. एक दिवस काट्यावरचा त्याचा एक सोबती म्हणाला, की आदिलाबादकडं अजून जिनिंग चालू आहेत, तिकडं माणसं घेऊन राह्यले. दादा ट्रकवर बसून गेला. जाताना मला म्हणाला, झाडाची पानं मोजून ठेव, आल्यावर हिशेब घेईन. मी आपली खरंच मोजत बसले होते, आणि ट्रक गेला तेव्हा मी विहिरीशीच होते.

पोहोचल्याचा निरोप आला. मग एका ट्रकवाल्याकडून कळलं, की तिथलं काम सुटलं आणि तो आणखी पुढे गेला. कुठे पुढे, ते त्या माणसाला माहीत नव्हतं. त्यानंतर काहीच नाही. बाबा रजा काढून दोनदा तिकडं जाऊन आले. ज्यांची भाषा कळत नाही अशा माणसांना दादाचा फोटो दाखवत हिंडले. पोलिसांत सांगून झालं, देवस्थानं झाली, एका बाईनं अंगात आणून तो उत्तरेला असल्याचं सांगितलं, तर दुसरीनं दक्षिणेला. बाबा दुसऱ्यांदा परत आले तेव्हा दारातच बसले आणि बराच वेळ चपलाच काढल्या नाहीत.  आईनं बादली उचलली आणि ती विहिरीकडं गेली.

त्या झाडाला आता आईच पाणी घालायची. घागर नाही, त्यामुळे रोज घालावं लागायचं, आणि उन्हाळ्यात तर सकाळ-संध्याकाळ. भांडी विसळलेलं, तांदूळ धुतलेलं, हात धुतलेलं, सगळं पाणी एका टोपात जमा व्हायचं आणि तिकडं जायचं. नळाला पाणी आलं नाही तर ती दूरच्या हापशीवर रांगेत उभी राहायची. लोक म्हणायचे, पुरून टाका ना एक घागर, एवढी मरमर कायले? ती म्हणायची, नाही, त्याचं हातानंच घालायचं आहे. पाणी ती एकदम ओतत नसे. तांब्यातांब्यानं घालायची आणि प्रत्येक तांब्यानंतर थांबायची, मुरुमात ते जिरेपर्यंत. मला तेव्हा कंटाळा यायचा. आता मी माझ्या अंगणात तसंच थांबते आणि सुनेला वाटतं, सासूबाईंचे गुडघे दुखत असतील.

बोरी अरबला बाबांचे थोरले भाऊ होते. आम्ही त्यांना मोठेबाबा म्हणायचो. ते मनाचे कठोर नव्हते, पण रीतीभातीला घट्ट होते आणि आपल्याला काय वाटतं ते पोटात ठेवायची त्यांना सवय नव्हती. एका चैत्रात ते आले आणि बाबांना घेऊन ओट्यावर बसले. मी आतून ऐकत होते. त्यांच्या स्वप्नात वसंता आला होता. एकदा नाही, पुन्हा पुन्हा. दारात उभा राहायचा, ओठ सुकलेले, आणि पाणी मागायचा. त्यांचं म्हणणं असं, की माणूस जिवंत असता तर इतक्या वर्षांत एखादा कागद तरी टाकला असता. तो गेला आहे, आपल्याला कळलं नाही इतकंच, आणि आपण त्याच्या नावानं पाणी सोडत नाही म्हणून तो दारोदार मागत फिरतो आहे.  बाबांचा चहा तसाच निवला. मला त्यांच्या पाठीकडं पाहून एवढं कळलं, की हे त्यांच्याही मनात कधीचं होतं.

आखाजी आली. आईनं आदल्या दिवशीपासून कुरडया तळल्या, चिंचवणी केली, वडे, कढी, सेवया, सगळं. रसासाठी आंबे आणून ठेवले होते आणि घरभर त्यांचा घमघमाट होता, अजून कुणी एकाला हात लावलेला नव्हता. मोठेबाबा बोरीहून येऊन पोहोचले होते. पितर म्हणून जेवायला बसवायचे म्हातारे गृहस्थ आधीच पाटावर येऊन बसले होते, त्यांना आमच्याकडचं जेवण आवडायचं. आईनं देवघरासमोर सारवून गव्हाच्या राशी मांडल्या, जेवढी माणसं तेवढ्या, आणि ती कैऱ्या आणायला मागं गेली. बाबांनी कुंभाराकडून आणलेल्या घागरी एकेक करून आणून ठेवल्या आणि मोठेबाबांनी त्या भरल्या. आई ओंजळीत कैऱ्या घेऊन आली, एकेका घागरीवर एकेक ठेवत गेली आणि शेवटी थांबली. एक घागर उरली होती. तिच्याखाली गहू नव्हते. ती नुसत्या जमिनीवर ठेवली होती, काठोकाठ भरलेली.

ती कुणाची, असं तिनं विचारलं. बाबांनी मान वर केली नाही. मोठेबाबाच म्हणाले, शांतपणे, समजुतीच्या आवाजात, "वसंताची माय, त्याले तहान लागली हाये. मह्या स्वप्नात येऊन पाणी मांगून राह्यला तो. मायबापानं नाही द्यायचं तर कोणी द्यायचं?"

आई त्यांच्याशी कधी समोरून बोलत नसे. पदर डोक्यावर घेऊन, भिंतीकडं पाहून बोलायची. त्या दिवशी तिनं सरळ त्यांच्याकडं पाहिलं. "तुमाले काहून मांगंल तो पाणी?" ती म्हणाली. "त्याले पाणी पायजे असंल तर मले मांगंल. मी रोज संध्याकाळी विहिरीवरच असतो." आणि तिनं ती घागर दोन्ही हातांनी उचलली, तोंडाला लावली आणि प्यायली. आमच्या घरात घागरीला तोंड लावून कुणी कधी प्यालं नव्हतं, तांब्यानं काढून घ्यायचं अशी शिस्त. पाणी तिच्या हनुवटीवरून, गळ्यावरून, लुगड्यावरून वाहत खाली आलं आणि तिच्या पायाशी सारवलेल्या जमिनीत थारोळं झालं. ती थांबेना. श्वास पुरेना तेव्हा तिनं ती खाली ठेवली. "उष्टी झाली," ती म्हणाली. "उष्टं पाणी पितराले चालत नाही. ही घरात राहू द्या, प्यायले होईन." आणि तिनं घागर उचलून स्वयंपाकघरात रोजच्या पाण्याच्या तिवईवर नेऊन ठेवली.

पाटावरचे गृहस्थ आपल्या हाताकडं पाहत बसले. मोठेबाबा उठून बाहेर गेले आणि न जेवता एसटीनं परत निघून गेले. पुढं कित्येक वर्षं ते आमच्या घरी पाणी प्यायले नाहीत. बाबांनी बाकीच्यांची नावं घेतली, पाणी सोडलं, त्या गृहस्थांना वाढलं, रसाची वाटी त्यांच्यापुढं सरकवली. स्वतः मात्र त्यांनी रसाला बोट लावलं नाही. दुपारी मी त्यांना बोलवायला मागं गेले तेव्हा ते विहिरीच्या काठावर, दादाच्या झाडाच्या अपुऱ्या सावलीत बसले होते. मी आईच्या बाजूची होते, पूर्णपणे. माझा भाऊ जिवंत होता आणि त्याला मारायला निघालेल्या लोकांना आईनं हाकलून दिलं होतं, इतकं ते मला सोपं दिसत होतं. बाबा माझ्याकडं न पाहता म्हणाले, "तुह्या आईले वाट पाहता येते. मले नाही येत."

त्या वाक्याचा अर्थ कळायला मला माझी अर्धी हयात लागली. बाबांना पोरासाठी रडायचं होतं. रडायला एक दिवस हवा होता, एक नाव घेऊन सोडलेलं पाणी हवं होतं, आणि तो दिवस आईनं त्यांच्या हातून काढून घेतला. ते त्यांनी पुन्हा कधी मागितलं नाही. आयुष्यात जे मिळालं नाही त्याची आठवण करून द्यायचा त्यांचा स्वभावच नव्हता. त्या उन्हाळ्यापासून एवढंच झालं, की अंघोळीला ते विहिरीच्या त्या बाजूला बसू लागले, जिथून पाण्याचा ओघळ दादाच्या झाडाकडं जायचा. आई ते पाहायची. ती दोघं एकमेकांशी भांडली असती तर बरं झालं असतं, असं मला आजही वाटतं. त्याऐवजी दोघं एकाच झाडाला पाणी घालत राहिली, तिनं तो येईल म्हणून आणि बाबांनी तो गेला म्हणून.

झाड वाढलं. त्याला पहिला मोहर आला त्या साली माझं लग्न झालं आणि मी यवतमाळला आले. फळं धरली तेव्हा आईनं ती उतरवून गवताच्या आढीत घातली आणि पिकल्यावर गल्लीतल्या पोरांना वाटली. आखाजीला त्या झाडाची कैरी घागरीवर ठेवायची नाही, असा तिचा दंडक होता. जित्या माणसाच्या झाडाचं फळ पितरांना कसं ठेवायचं? बाबा गेले तेव्हा त्यांच्या नावाची कोय लावली आणि पुढच्या आखाजीला त्यांची पहिली घागर चुलतभावानं भरली. लोक हळहळले, आज वसंता असता तर, असं म्हणाले. आई चटकन म्हणाली, "हाये. इथं नाही इतकंच." त्या वेळी ती सत्तरीला आली होती आणि बादली अर्धीच भरायची, कारण पूर्ण उचलत नव्हती. झाडाला आता पाण्याची काही गरज उरली नव्हती, त्याची मुळं कधीच मुरूम फोडून खाली गेली होती. हे तिला मी सांगितलं. ती म्हणाली, मले माहीत हाये.

शेवटी ती माझ्याकडं होती. तिला घर सोडायचं नव्हतं, पण उठणं-बसणं होईना तेव्हा नाइलाजानं आली. एका दुपारी मी तिच्या पायांना तेल लावत होते. पंखा फिरत होता, बाहेर ऊन रणरणत होतं. तिनं पाणी मागितलं, दोन घोट घेतले आणि तांब्या हातातच धरून ठेवला. मग म्हणाली, एक सांगतो तुले, ऐकजो.

"मी तुह्या बापाले त्याची घागर भरू नाही देली. तो असंल तर चांगलंच झालं. पण नसंल तर?" तिनं तांब्या खाली ठेवला. "इतके उन्हाळे झाले, शकू. तो तिकडं बिनापाण्याचा असंल तर थे मह्या हातानं झालं. आता मी जाईन, अन् तो समोर आला, अन् त्याचा घसा कोरडा असला, तर त्याले काय तोंड दाखवू?"

मी काहीतरी म्हणाले असेन, असं नको बोलूस, असंच काहीतरी. तिनं ऐकून घेतलं नाही. माझं मनगट तिनं धरलं, तिच्या हातात अजून एवढा जोर असेल असं मला वाटलं नव्हतं. "पुढच्या आखाजीले माही घागर भरशीन, तवा त्याची भरजो. पहिले त्याची. मग माही." मी हो म्हणाले. तिला तेवढं पुरेना. ती म्हणाली, नाव घेऊन सांग. मी म्हणाले, वसंताची भरीन, पहिले वसंताची. मग तिनं माझा हात सोडला आणि डोळे मिटले. चाळीस वर्षं तिनं एक पोरगा नुसत्या जिद्दीवर जिवंत ठेवला होता आणि जाता जाता तिला भीती वाटली, की आपण त्याला तहानेलं ठेवलं. आईपणाचा एवढा वाईट पेच मी दुसरा पाहिलेला नाही. पावसाळा लागायच्या आत ती गेली.

पुढची आखाजी माझ्या घरी झाली. मुलीनं आईबापाची घागर भरावी का, यावर चार लोकांनी चार मतं दिली आणि मी ती सगळी ऐकून सोडून दिली. सारवलेल्या जागेवर मी गहू मांडले. दादासाठी, आईसाठी, बाबांसाठी. आईचं जाणं मी त्याआधी वर्षभर पचवलं होतं. तिला चांगलं आयुष्य मिळालं होतं असं म्हणवत नाही, पण लांब मिळालं होतं, आणि तिच्यामागं रडायला आम्ही होतो. तिच्या बाराव्या-तेराव्याला मी कोरडीच होते, कामात होते, लोक म्हणाले शकू खंबीर आहे. मी तिनं सांगितलं तशी आधी दादाची घागर भरली, गळ्याला सूत गुंडाळलं आणि हातात पाणी घेतलं. नाव घ्यायचं होतं. मुलगा, सून, नातवंडं मागं उभी होती, आणि त्या सगळ्यांमध्ये दादाला पाहिलेलं, त्याच्या भुवयांवरची रुई पाहिलेलं मी सोडून कुणीच उरलं नव्हतं. मी नाव घेतलं, पाणी सोडलं, आणि तिथंच खाली बसले. मुलाला वाटलं, आजीची आठवण झाली. आजी म्हातारी होऊन गेली होती, सांगून गेली होती. हा मात्र त्या क्षणी गेला, माझ्या तोंडानं आणि माझ्या हातानं, आणि गेला तेव्हा त्याचं वय एवढ्या वर्षांत एका दिवसानंही वाढलेलं नव्हतं. बावीस वर्षांचा माझा भाऊ त्या सकाळी वारला, आणि मी नातवंडं असलेली म्हातारी त्याच्यासाठी त्याच्या लहान बहिणीसारखी रडले.